शिंगवाली की चोचवाली

मनिराम, तू झाडाच्या नावापायी जीव घालवलास, असं गाव म्हणतं. पानठेल्यावर म्हणतात, राइस मिलच्या ओट्यावर म्हणतात, तुझ्या तेरवीच्या पंगतीतसुद्धा दोघा-तिघांनी म्हटलं. ‘निलगिरी तं निलगिरी, तिचं आणखी नाव कायले पाह्यजे होतं म्हाताऱ्याले?’ मी त्याच पंगतीत बसलो होतो. तेव्हा वरण-भात कालवत राहिलो. खरं काय झालं ते मला माहीत आहे आणि ते पूर्ण असं मी अजून कोणालाच सांगितलेलं नाही. तुझ्याजवळ बोलायला उशीर केला म्हणून तर हे सगळं झालं. आता आधी तुलाच सांगतो.

सातवीपर्यंत आपण एका टाटपट्टीवर बसलो. मग मी शिकायला तुमसरला गेलो, विज्ञानाचा शिक्षक झालो, आणि तू रोपवाटिकेत पिशव्यांमध्ये माती भरायला लागलास. पुढची कित्येक वर्षं रस्त्यात भेटलो की ‘काय मास्तर’, ‘काय मनिराम’, एवढंच. रिटायर होऊन मी गावात परत आलो तेव्हा झाडांवरचं एक जाडजूड पुस्तक घेऊन आलो होतो. ते काखेत मारून मी तलावाच्या पाळीवर फिरायचो आणि वर्गात हजेरी घ्यावी तशी झाडांची हजेरी घ्यायचो. एक दिवस तू पाळीवर बसून बिडी ओढत होतास. तुला ऐकू जाईल अशा बेताने मी एका खोडावर हात ठेवून म्हटलं, ‘निलगिरी.’ तू धूर सोडलास आणि विचारलंस, ‘हाव, पण कोणती?’

जन्मभर मी ‘निलगिरी’ हा शब्द फळ्यावर लिहीत आलो. कोणती, असं मला कोणी विचारलं नव्हतं, आणि मीही कोणाला नाही. मला राग आला. मला कोणी काही शिकवायला लागलं की आधी रागच येतो, हे तुला पुढे चांगलंच कळलं. घरी जाऊन पुस्तक उघडलं तर निलगिरीचीच पानंच्या पानं निघाली. दुसऱ्या दिवशी मी आपणहून तुझ्याशेजारी येऊन बसलो. तू काही चिडवलं नाहीस. बिडी विझवलीस, उठलास आणि म्हणालास, ‘चाल, दाखवतो.’

त्यानंतर माझ्या स्कूटरवर आपण निम्मा जिल्हा पालथा घातला. साकोलीला हायवेलगतच्या एका जुन्या कंपाउंडात तू मला उभं केलंस, एक पान चुरगळलंस आणि माझ्या नाकाखाली धरलंस. लिंबाचा वास. खोड वरपासून खालपर्यंत गुळगुळीत, पांढऱ्यात थोडा गुलाबी रंग, आणि हात लावला की पावडर लागावी तसं. तू त्या खोडाला गाल लावलास. म्हणालास, ‘उन्हाळ्यातबी थंड रायते हे, लावून पाह्य.’ मी आजूबाजूला कोणी बघत नाही ना ते पाहिलं आणि मग गाल लावला. खरंच थंड होतं. रिटायर झाल्यावर पहिल्यांदा मला बरं वाटलं ते तिथे, हे मी तुला कधी बोललो नाही.

तुमसर रोड स्टेशनजवळ तू दुसरी दाखवलीस. तिची साल जाड, लालसर तपकिरी, उभ्या भेगांची, थेट फांद्यांपर्यंत चढलेली. अंगठा दाबला की आत दबायची. पानं रुंद आणि चामड्यासारखी. पुस्तकात तिचं नाव रोबस्टा, साकोलीच्या झाडाचं सिट्रिओडोरा. तू म्हणालास, ‘ते नावं तुह्या वहीत ठेव.’ आपल्या दोघांत त्या लिंबूवाली आणि जाडसाली झाल्या.

खरा घोळ घरच्याच निलगिऱ्यांचा होता. आपल्या पाळीवरच्या आणि बपेऱ्याच्या रस्त्यावरच्या. दोन्हीकडे साल गुळगुळीत, पट्ट्या-पट्ट्यांनी सोलून पडणारी, खालून करडी आणि मलईसारखी निघणारी. दोन्हीकडे पानं लांबट, कोयत्यासारखी वाकलेली, खाली लोंबणारी. मला दोन्ही सारख्याच दिसायच्या. तू म्हणायचास, ‘साल झूट बोलते मास्तर. पानबी अर्धंच खरं बोलते. टोपी पाह्यल्याबिगर नाव घ्याचं नाई.’ निलगिरीच्या कळीला टोपी असते. फूल उमलताना ती टोपी गळून पडते आणि आतून पांढऱ्या तंतूंचा झुबका बाहेर येतो. एकीची टोपी लांब, टोकदार, शिंगासारखी. दुसरीची आखूड, गोल, आणि टोकाला चिमणीच्या चोचीएवढं टोक. शिंगवाली आणि चोचवाली. तुझ्या दमेकरी आवाजात ती नावं ऐकताना मला हसू यायचं. नंतर मी घरातसुद्धा तेच बोलायला लागलो.

टोपी बघायची तर वर पोचावं लागतं, आणि त्याचे तुझे दोन नियम होते. पडलेली टोपी धरायची नाही, कारण वारा कुठली कुठे नेतो. कळी फांदीवरचीच हवी. आणि दुसरा नियम, एकट्याने निलगिरीखाली आकडी लावायची नाही. एकाने बांबूची आकडी फांदीत अडकवून ओढायची, दुसऱ्याने फक्त वर बघायचं. मी एकदा म्हटलं, वारा सुटलेला नसताना कशाला एवढी भीती? तू माझ्याकडे अडाण्याकडे बघावं तसं बघितलंस. ‘वाऱ्यात नाई टाकत ते फांदी. वाऱ्यात सांभाळते. भर उन्हात, पान हालत नसताना, चूपचाप टाकून देते.’ रोपवाटिकेतला तुझा एक सोबती असाच गेला होता. मग मी वर बघायचो. मान दुखेपर्यंत बघायचो. चार-पाच वर्षांत मी तुझ्यासाठी केलेलं एकमेव काम ते.

आपलं भांडण लागलं ते पाळीच्या टोकाच्या झाडावरून, जिथून पाट सुटतो तिथल्या. ओळीपासून सुटी, सगळ्यांत जुनी, सगळ्यांत उंच निलगिरी. निम्मा पसारा तलावाच्या पाण्यावर, निम्मा बेशरमाच्या झुडपांवर. खालची फांदीच नाही, त्यामुळे आकडी पोचत नव्हती. मी म्हणालो चोचवाली. माझ्याकडे पुरावा होता, म्हणजे पुस्तकातला. खोडाच्या बुडाशी माणसाच्या कमरेएवढी खरबरीत साल होती, आणि पुस्तकात चोचवालीच्या बुडाशी अशी साल असते असं लिहिलं होतं. तू म्हणालास, ‘अबे, गवताले आग लागते दरसाल, बुडाची साल करपते, गळत नाई. ते आगीचं आहे, झाडाचं नोहे.’ आणि तू एक गोष्ट सांगितलीस जी मी हसण्यावारी नेली. ते झाड तूच लावलं होतंस. तुझ्याच हाताने पेरलेलं बी, आणि ते बी काळं होतं. चोचवालीचं बी पिवळं असतं. ‘शिंगवाली हाये मास्तर, माह्या हातची हाये.’ मी म्हटलं, ‘तुला सकाळी काय खाल्लं ते आठवत नाही, आणि चाळीस वर्षांपूर्वीच्या बियांचा रंग आठवतो?’ माझं वाक्य मला फार आवडलं. मी ते दोन-चार जणांना सांगितलंही.

तेवढ्यावर थांबलं असतं. पण शाळेच्या मुख्याध्यापकांनी पाळीवरच्या झाडांना नावाच्या पाट्या लावायचं ठरवलं आणि नावं विचारायला ते माझ्याकडे आले. तुझ्याकडे कोण येणार? मी सगळी नावं लिहून दिली. टोकाच्या झाडावर टिनाची पाटी तारेने बांधली गेली, कॅमाल्डुलेन्सिस, म्हणजे चोचवाली. तू ती अक्षरं लावून लावून वाचलीस. मग म्हणालास, ‘माह्या लेकराले दुसऱ्याचं नाव देल्लं तुनं.’ तू चिडलेला नव्हतास. चिडला असतास तर मला सोपं गेलं असतं. यंदा माघात पंचायतीने ओळीतल्या सगळ्या निलगिऱ्या तोडायला दिल्या, मोळ्या बांधून ट्रक भरून गेले. टोकाची तेवढी राखली. शाळेची पाटी होती ना तिच्यावर.

आता ऐक. चैत्रात तो मोठा वारा सुटला होता, आठवतं? कौलं उडाली, दोन दिवस वीज नव्हती. त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी एकटाच फिरायला गेलो. तलाव निम्मा आटलेला, कडेची माती भेगाळलेली. मी पाळीवरून न जाता तलावाच्या आतून चाललो होतो आणि टोकाच्या झाडाजवळ पाण्याच्या बाजूने पोचलो. त्या बाजूने आपण कधीच झाड पाहिलं नव्हतं. एक बारकी फांदी वाऱ्याने मोडली होती आणि सालीच्या लांबच लांब पट्टीवर लोंबकळत माझ्या हाताला येईल इतकी खाली आली होती. फांदी त्याच झाडाची, अजून त्याच झाडाला चिकटलेली. तुझ्या नियमात बसणारी. तिच्यावर कळ्यांचे झुबके होते. प्रत्येक कळीला शिंग.

मग मी काय केलं ते सांगतो. मी ती फांदी ओढून तोडली, एक झुबका खिशात टाकला आणि उरलेली पाण्यात फेकली. मागे वळून बघितलं, कोणी बघत नाही ना. मोहफुलं वेचणाऱ्या बाया लांब होत्या. साठी उलटलेला माणूस, मनिराम, जन्मभर पोरांना खरं बोला म्हणून सांगितलेलं, आणि एका कळीसाठी चोरासारखा. निघताना वर पाहिलं तर मोठ्या फांदीच्या बेचक्यातून काळसर लाल डिंक ओघळलेला दिसला, चांगला हातभर. पाळीवरून तो दिसला नसता. मी वही काढून लिहिलं, ‘बेचक्यात लाल डिंक. कोणत्या जातीचं लक्षण, पुस्तकात बघणे.’ घरी जाऊन बघितलंसुद्धा. पुस्तकात होतं की पुष्कळ निलगिऱ्यांना असा डिंक येतो. मी वही मिटली.

त्यानंतर आठ दिवस तू रोज संध्याकाळी माझ्या ओसरीवर येत होतास. रोज चहा घेतलास. कधी त्या झाडाचा विषय निघाला की मी पेपर उचलायचो. तू म्हणालास, ‘काहून गुमसुम रायतं बे आजकाल?’ मी म्हटलं, ऊन बाधलं आहे. तू मान हलवलीस. सांगायला काय लागलं असतं? चार शब्द. ‘तुझं खरं आहे, मनिराम.’ तू हसला असतास, आपण पाटी बदलून घेतली असती, आणि मी बोलता बोलता म्हटलं असतं की बेचक्यात असा असा डिंक दिसला. तेवढं ऐकून तू काय समजायचं ते समजला असतास. मी पुस्तकातून नाव शोधत होतो. तू नुसतं ‘डिंक’ ऐकून सांगितलं असतंस की फांदी फाटली आहे, तिच्याखाली जाऊ नका.

त्या दिवशी सकाळी तू आलास ते हातात आकडी घेऊनच. दोन बांबू एकाला एक बांधून तू ती लांब केली होतीस. ‘चाल मास्तर, आज फैसला करून टाकू. मोठी आकडी बनवली.’ मी खाटेवर बसलो होतो. उठलो नाही. कंबरेला हात लावला आणि म्हटलं, ‘कंबर धरली रे. रात्रीपासून उठता येऊन नाही राहिलं.’ मनिराम, माझ्या कंबरेला काहीही झालं नव्हतं. मी तुझ्यासोबत जाऊन, तू कळी खाली ओढशील आणि मी पहिल्यांदाच बघितल्यासारखं ‘अरे हो, शिंग आहे’ म्हणेन, एवढं नाटक मला जमणार नव्हतं. तू आकडी भिंतीला टेकवलीस. माझ्या पाठीला हात लावून पाहिलास. म्हणालास, ‘मंग राहू दे. तुह्याबिगर कोण वर पाहीन?’ आणि आकडी उचलून निघून गेलास. मला सुटल्यासारखं वाटलं. मी दुपारी जेवून झोपलो.

तलावात म्हशी घेऊन गेलेल्या माणसाने तुला पाहिलं. मी धावत आलो तेव्हा पाच-सहा जण जमले होते. मोठी फांदी पडलेली, तू तिच्याखाली, आकडी बाजूला. तिने ओढलेली एक बारकी डहाळी तुझ्या पायाजवळ होती. मला लाज वाटते पण सांगतो, माझी नजर आधी त्या डहाळीकडे गेली आणि मग तुझ्याकडे. शिंगं होती. तुझा खांद्यावरचा दुपट्टा तिथेच गवतावर पसरलेला होता आणि त्यात पाल्याचा ढीग होता. मला वाटलं तू नमुन्याला पानं काढली होतीस, आपण काढायचो तशी. एवढी कशाला काढलीस, असंही मनात आलं. मग लोकांनी फांदी उचलली.

तुला ती शिंगं दिसली होती का? डहाळी खाली आल्यावर फांदी पडेपर्यंत तुला किती वेळ मिळाला? एवढं मला कळलं तर बरं होईल, असं पहिले काही दिवस वाटायचं. आता वाटतं की तुला बघायची गरजच नव्हती. तुला ते बी पेरल्यापासून माहीत होतं. बघायचं होतं ते मला दाखवायला.

पाचव्या दिवशी गावाने झाड तोडलं. माणूस मारलेलं झाड कोण ठेवतं? आरावाल्याने बेचक्याच्या जागी बोट ठेवून मला दाखवलं. ‘गुरुजी, हे कवाचंच फाटलं होतं पाहा. डिंक केवढा वाह्यला. जखम होय ना हे.’ तो सहज बोलला आणि आरा लावला. झाड आडवं झालं तेव्हा त्याचा सगळा शेंडा पाळीवर पसरला. ज्या कळ्यांसाठी आपण दोन वर्षं माना वर केल्या, त्या हजारोंनी पायाखाली आल्या. बाया फाटे मोडून सरपणाला नेत होत्या. एकीच्याही मनात आलं नाही की टोपी बघावी. खोड पाटीसकट ट्रकमध्ये गेलं.

तेरवीला मी उठून उभा राहिलो. ठरवून आलो होतो. म्हटलं, ‘पाटीवरचं नाव चुकीचं होतं. मनिरामचं म्हणणं खरं होतं. माझं चुकलं.’ आणि मग काय झालं माहीत आहे? सरपंच माझ्याजवळ आले, माझा हात धरला आणि म्हणाले, ‘गुरुजी, मेलेल्या माणसाचा मान राखला तुमी. केवढं मोठं मन हाये तुमचं.’ मागे कोणीतरी म्हणालं, ‘हारले नसतानाही हार घेतली बाप्पा.’ मी सांगत राहिलो की नाही, खरंच चुकलं. जितकं सांगावं तितका मी मोठा होत गेलो आणि तू तिथेच राहिलास, हट्टी म्हातारा, नावापायी मेलेला. तू असतास तर पोट धरून हसला असतास. मी जेवण अर्धं टाकून उठलो.

म्हणून परवा सकाळी तुझ्या घरी वहिनीकडे गेलो. पारबतावहिनीला तरी सगळं सांगायचं, मग ती मला घरातून हाकलू दे, नाहीतर चारचौघांत शिव्या देऊ दे, असं ठरवलं होतं. ती अंगणात मोहफुलं उन्हात पसरत होती. तू वेचलेलीच असतील. तिने ‘या भाऊजी’ म्हणून खाट ओढली. मी बसलो नाही. उभ्यानेच सांगितलं. लोंबकळणारी फांदी, शिंगं, ती पाण्यात फेकली ते, आठ दिवस गप्प बसलो ते, डिंक पाहिला आणि वहीत लिहिला ते. सगळं एका दमात, वर्गात धडा म्हणून दाखवावा तसं. तिचे हात मोहफुलांवर फिरत राहिले.

ती म्हणाली, ‘तुमाले फाटलेली फांदी कशी समजन भाऊजी. तुमी पुस्तकातले मानूस.’

मी म्हटलं, ‘मी खरं सांगितलं असतं तर तो कळ्या काढायला गेलाच नसता.’

तेव्हा तिने हात थांबवले आणि माझ्याकडे पाहिलं. ‘कळ्या काढाले कुठी गेले ते? लोकं काहीबी म्हणतेत. कळ्या मास्तरबिगर काढत नाई, त्याले दाखवाचं हाये, असं मले सांगून गेले. पाला आणाले गेले होते. तुमच्या कमरेले.’

मला काही कळलं नाही. म्हणजे कळलं, पण मी ते कळू दिलं नाही. ती सांगत होती. तुझं घरी येणं, आकडी कोपऱ्यात ठेवणं, माझी कंबर धरल्याचं तिला सांगणं. निलगिरीच्या पाल्याच्या पाण्याने शेकलं की रात्रीतून उतरते, असं तू म्हणालास. ओळीतली झाडं तुटलेली, जवळपास पाला राहिला होता तो टोकाच्या झाडालाच. ती म्हणाली, ऊन उतरू द्या. तू म्हणालास, मास्तरला उठता येत नाही, उशीर कशाला. पुन्हा आकडी घेतलीस. निघताना तिला सांगितलंस की पितळेच्या गुंडात पाणी तापवून ठेवजो, पाला उकळून मीच नेऊन देतो.

‘मी चुलीवर पाणी ठेवलं होतं,’ वहिनी म्हणाली. ‘तापून तापून अर्धं झालं.’

मी अजून उभाच होतो. ती पदराने डोळे पुसून जरा सावरली, आणि मग तिने जे म्हटलं ते मी तुला जसंच्या तसं सांगतो. ‘गाव म्हणते पागलपनात मेले. मी म्हणतो नाई. दोस्ताच्या दुखण्यासाठी गेले ते. मले तेवढंच हाये आता, भाऊजी. त्याच्यावरच मी दिवस काढून राह्यली.’

मी तोंड उघडलं होतं. एकच गोष्ट सांगायची राहिली होती आणि तीच सांगायला मी तिथे गेलो होतो, असं मला त्या क्षणी वाटलं. ती माझ्याकडे बघत होती. काळजीने बघत होती.

‘बरी हाये ना आता कंबर?’

‘हाव वहिनी,’ मी म्हणालो. ‘आता बरी हाये.’

तिला मी कधीच सांगणार नाही, मनिराम. तुला सांगितलं.